फोगो बेट : पडद्यावर बोललेले गाव

गरिबांविषयी लिहिणारे पुष्कळ असतात, त्यांची छायाचित्रे काढणारेही पुष्कळ असतात. परंतु ते लिखाण आणि ती छायाचित्रे प्रथम गरिबांनाच दाखवून 'हे तुम्हांला मान्य आहे का?' असे विचारणारे क्वचितच भेटतात. १९६७ च्या उन्हाळ्यात कॅनडाच्या पूर्व टोकावरील एका खडकाळ बेटावर हा प्रश्न विचारला गेला, आणि त्यातून लोकमाध्यमांच्या इतिहासातील एक नवा अध्याय सुरू झाला. त्या बेटाचे नाव फोगो. या अध्यायाचा परिचय वाचकांना करून द्यावा, असे आम्हांस दीर्घकाळ वाटत होते. समुद्रावर पोट असलेल्या, आपापल्या देवळाभोवती वसलेल्या गावांची ही कथा आपल्या किनारपट्टीवरील वाचकांना परकी वाटणार नाही, अशी आमची खात्री आहे.

बेट आणि त्याचे धनी

न्यूफाउंडलंडच्या ईशान्य किनाऱ्याजवळ फोगो वसले आहे. लांबी सुमारे २५ किलोमीटर, रुंदी सुमारे १४. शेतीला माती नाही, हिवाळ्यात समुद्र गोठतो. तरीही इंग्लंडच्या पश्चिम भागातून आणि आयर्लंडमधून आलेली माणसे येथे पिढ्यान्पिढ्या टिकून राहिली, ती कॉड माशाच्या आधारावर. मासा पकडावयाचा, मीठ लावून लाकडी मांडवांवर वाळवावयाचा आणि व्यापाऱ्याच्या हवाली करावयाचा, असा हा जीवनक्रम होता. व्यापारी रोख पैसा देत नसे. हंगामाच्या प्रारंभी जाळी, मीठ, पीठ व कापड उधारीवर द्यावयाचे आणि हंगामाच्या शेवटी माशाच्या रूपाने वसूल करावयाचे, अशी पद्धत होती. माशाचा भाव व्यापारीच ठरवी, पिठाचा भावही तोच ठरवी. अशा हिशेबात मच्छीमाराच्या खात्यावर शिल्लक क्वचितच उरे. खंडाने शेती करणाऱ्या आपल्याकडील पूर्वजांना या वहीची ओळख वेगळी सांगावी लागली नसती.

या व्यवस्थेविरुद्ध बंड झाले नव्हते असे नाही. १९०८ मध्ये याच किनारपट्टीवर विल्यम कोकर यांनी मच्छीमारांची संघटना उभारली आणि तिची दुकानेही चालविली. परंतु ही चळवळ मुख्यतः प्रॉटेस्टंट उत्तर किनाऱ्यावर पसरली. कॅथलिक आर्चबिशप हौली यांनी तिला विरोध केला आणि कॅथलिक गावे बहुतांशी तिच्यापासून दूर राहिली. फोगो बेटावरील दहाएक वस्त्यांमध्येही ही भिंत उभी होती. टिल्टिंग हे गाव आयरिश कॅथलिकांचे, तर इतर अनेक गावे अँग्लिकन व मेथडिस्ट परंपरेतील. न्यूफाउंडलंडमध्ये शाळा ख्रिस्ती पंथांच्या ताब्यात होत्या आणि ही पद्धत थेट १९९८ पर्यंत चालली. त्यामुळे काही मैलांच्या अंतरावर राहणारी मुले वेगवेगळ्या शाळांत शिकत. दुसऱ्या गावच्या माणसाशी गाठ पडे ती फार तर समुद्रावर. सगळ्यांचे दुःख एकच होते, परंतु ते एकत्र बसून सांगण्याची जागा नव्हती.

गावे उठविण्याचे धोरण

१९४९ मध्ये न्यूफाउंडलंड कॅनडात सामील झाले. पहिले मुख्यमंत्री जोई स्मॉलवूड यांना आपला प्रांत एका पिढीत आधुनिक करावयाचा होता. शेकडो विखुरलेल्या खेड्यांना रस्ते, वीज, शाळा व दवाखाने पुरविणे सरकारला परवडणारे नव्हते. तेव्हा खेड्यांनीच उठून 'विकासकेंद्रां'त जावे असे ठरले. १९५४ पासून प्रांतिक सरकारची आणि १९६५ पासून केंद्र व प्रांत यांची संयुक्त योजना सुरू झाली. १९६५ च्या योजनेत प्रत्येक कुटुंबास १००० डॉलर व माणशी २०० डॉलर मिळत. मात्र गावातील बहुसंख्य कुटुंबांनी स्थलांतरास संमती द्यावी लागे. ही अट वरवर लोकशाहीची वाटते. प्रत्यक्षात तिने शेजाऱ्याला शेजाऱ्याविरुद्ध उभे केले. शिक्षक गेले, धर्मगुरू गेले, दुकान बंद पडले, की राहू इच्छिणाऱ्यांनाही सही करण्यावाचून गत्यंतर राहत नसे. स्मॉलवूड यांनी मच्छीमारांना आपल्या होड्या जाळून टाकण्यास सांगितले, अशी आख्यायिका त्या प्रांतात आजही सांगितली जाते. त्यांनी स्वतः ती नेहमी नाकारली; परंतु लोकांनी ती खरी मानली, यातच त्या काळची मनःस्थिती दिसते.

१९५४ ते १९७५ या काळात सुमारे ३०० खेडी ओस पडली आणि सुमारे ३०,००० माणसे हलली. कित्येक कुटुंबांनी आपली लाकडी घरे पायापासून सोडवून पाण्यावर तरंगविली आणि होड्यांनी ओढत नव्या गावी नेली. घर नेता आले. देऊळ आणि दफनभूमी मात्र मागे राहिली.

फोगोवर हेच संकट घोंघावत होते. साठच्या दशकात तेथे सुमारे ५००० माणसे राहत. परदेशी ट्रॉलर खोल समुद्रात मासा उपसून नेत, किनाऱ्याजवळच्या लहान होड्यांना काही उरत नसे. व्यापारी पेढ्या बेट सोडून जाऊ लागल्या होत्या. निम्म्याहून अधिक लोकसंख्या सरकारी मदतीवर आली होती. मोठ्या होड्या हव्या होत्या, पण त्या घेण्यास भांडवल नव्हते. 'येथून उठा' हे सरकारचे सांगणे कानांवर येत होते. बेटावर एक सुधारणा समिती स्थापन झाली होती, सहकाराचीही बोलणी चालू होती. परंतु दहा वस्त्यांचा एक आवाज अद्याप झाला नव्हता.

तीन माणसे

या टप्प्यावर तीन माणसे एकत्र आली. पहिले डोनाल्ड स्नोडेन, मेमोरियल विद्यापीठाच्या विस्तार विभागाचे संचालक. १९६५ मध्ये कॅनडाच्या आर्थिक मंडळाने दारिद्र्याविषयी अहवाल काढला, त्यातील शहरी दृष्टी स्नोडेन यांना खटकली. खेड्यातील गरिबी केवळ उत्पन्नाच्या आकड्यांनी मोजता येत नाही, असे त्यांचे मत होते. माहिती न मिळणे, संघटना नसणे, निर्णय घेणाऱ्यांपर्यंत आपले म्हणणे न पोहोचणे, हे सर्व त्या गरिबीचे घटक आहेत, असे ते मानीत. ही गोष्ट अहवालापेक्षा चित्रपटाने अधिक समजेल, असे त्यांना वाटले.

दुसरे कॉलिन लो. कॅनडाच्या राष्ट्रीय चित्रपट मंडळातील हे नामवंत दिग्दर्शक; १९५७ चा 'सिटी ऑफ गोल्ड' व १९६० चा 'युनिव्हर्स' हे त्यांनी सहकाऱ्यांसमवेत केलेले लघुपट जगभर गाजले होते. १९६७ मध्ये मंडळाने 'बदलासाठी आव्हान' ही नवी योजना हाती घेतली होती आणि तिच्या अगदी आरंभीच एक कटू धडा मिळाला होता. माँट्रियलमधील एका गरीब कुटुंबावर तयार केलेला लघुपट दूरचित्रवाणीवरून प्रक्षेपित झाला. चित्रण सहानुभूतीने केलेले होते, समीक्षकांनी त्याची वाखाणणीही केली. परंतु प्रक्षेपणापूर्वी तो त्या कुटुंबाला दाखविण्यात आला नव्हता. शेजारीपाजारी त्यांची टिंगल करू लागले, मुलांना तोंड दाखविणे कठीण झाले. ज्यांच्या कल्याणासाठी चित्र काढले, त्यांच्याच पदरी अपमान आला. हा धडा लो यांनी मनावर घेतला.

तिसरे फ्रेड अर्ल. आमच्या मते या कथेतील सर्वांत महत्त्वाचा माणूस हाच, आणि इतिहासग्रंथांत सर्वांत कमी जागा मिळालेलाही हाच. अर्ल हे फोगोचेच सुपुत्र, विद्यापीठाच्या विस्तार विभागाचे क्षेत्रीय कार्यकर्ते. चित्रपटाचे पथक येण्यापूर्वीपासून ते गावोगाव सभा घेत, समितीला सल्ला देत, मच्छीमारांबरोबर चहा पीत बसत. कॅमेरा घेऊन आलेल्या परक्या माणसासाठी बेटावरील दारे उघडली, ती अर्ल बरोबर होते म्हणून. कोण कोणाशी बोलत नाही, कोणत्या घरी आधी जावयाचे, कोणता विषय कोणासमोर काढावयाचा नाही, हे सारे ज्ञान त्यांच्यापाशी होते. यंत्र माँट्रियलहून आले. विश्वास मात्र बेटावरचाच होता.

चित्रणाची पद्धत

लो यांनी फोगोवर सोळा मिलिमीटरच्या फितीवर पंचवीसहून अधिक लहान लहान चित्रपट तयार केले. सर्व मिळून सुमारे सहा तासांचे. प्रचलित पद्धत निराळी होती. दिग्दर्शक पन्नास माणसांच्या मुलाखती घेतो, प्रत्येकाच्या बोलण्यातील एकेक वाक्य उचलतो आणि ती एकमेकांना जोडून स्वतःचा युक्तिवाद उभा करतो. अशा चित्रपटात माणसे बोलतात, पण बोलणे दिग्दर्शकाचे असते. लो यांनी हे टाळले. एक चित्रपट एका माणसाचा, किंवा एका सभेचा, किंवा एका प्रसंगाचा. बेट सोडून टोरांटोला निघालेला एक मच्छीमार आपण का जात आहोत ते सांगतो. 'बिली क्रेन मूव्हज् अवे' हा तो चित्रपट. एक जण मोठी होडी कशी बांधतात ते दाखवितो. एक जण शिक्षणाविषयी बोलतो. मच्छीमारांची सभा आहे, लग्नाची मेजवानी आहे, लोकगीते आहेत, आणि नुसतीच खेळणारी मुले आहेत. समस्यांच्या यादीत लग्न आणि गाणी कशासाठी, असे कोणी विचारील. आम्हांस वाटते, तेथेच लो यांची खरी दृष्टी दिसते. ज्या गावात केवळ दुःखच दिसते, ते गाव उठविण्यास कोणाला वाईट वाटणार?

नियम साधे होते. संमतीवाचून कोणाचेही चित्रण करावयाचे नाही. चित्रित झालेला भाग प्रथम त्या व्यक्तीला दाखवावयाचा. नको असेल ते काढून टाकावयाचे. मग ते चित्रपट बेटावरील इतर गावांना दाखवावयाचे. बेटाची अनुमती मिळाल्याखेरीज बाहेरच्या कोणालाही दाखवावयाचे नाहीत. म्हणजे मंत्र्याचा क्रमांक सर्वांत शेवटी.

पडद्यासमोर

मग शाळांतून व सभागृहांतून प्रक्षेपक लावले गेले आणि काही अनपेक्षित गोष्टी घडू लागल्या. लहान बेटावर सर्वच एकमेकांचे नातलग वा गिऱ्हाईक असतात; तेथे तोंडावर स्पष्ट बोलणे म्हणजे जन्माचे वैर. पडद्यावरचा माणूस मात्र ज्याला बोलावयाचे त्याच्याकडे पाहत नसतो. जे समोरासमोर म्हणता येत नव्हते, ते पडद्यावरून म्हणता आले, आणि ऐकणाऱ्यालाही लगेच उत्तर देण्याची सक्ती नव्हती. टिल्टिंगच्या मच्छीमाराने पलीकडच्या प्रॉटेस्टंट गावातील मच्छीमाराला होडी, भाव आणि मुलांच्या शाळेविषयी बोलताना ऐकले आणि त्याला आपलेच शब्द ऐकू आले. चित्रपट संपल्यावर फ्रेड अर्ल यांच्यासारखे कार्यकर्ते चर्चा घडवून आणीत. खरे काम त्या चर्चेत होत असे.

दुसरी गोष्ट स्वाभिमानाची. अशिक्षित, मागासलेले, सरकारी मदतीवर जगणारे अशी स्वतःची ओळख वर्षानुवर्षे ऐकत आलेल्या माणसांनी आपल्याच शेजाऱ्याला पडद्यावर सुसंगत, विचारपूर्वक आणि विनोदाने बोलताना पाहिले. आपल्यात इतकी अक्कल आहे हे बेटाला बहुधा प्रथमच दिसले.

पुढे बेटाच्या संमतीने हे चित्रपट राजधानी सेंट जॉन्स येथे नेण्यात आले. मुख्यमंत्री व मंत्र्यांनी ते पाहिले. मत्स्यव्यवसाय मंत्री एडन मलोनी यांनी उत्तर देण्याचे मान्य केले आणि त्यांचे उत्तरही चित्रित करून बेटावर परत नेण्यात आले. अर्ज आणि निवेदने खेड्यातून राजधानीला नेहमीच जातात. राजधानीतून त्याच वाटेने, त्याच माध्यमातून उत्तर परत येणे ही नवी गोष्ट होती. मंत्र्याचा चेहरा, त्याची अडचण, त्याचे टाळलेले शब्द, सर्व काही मच्छीमारांना न्याहाळता आले.

काय घडले, कशामुळे घडले

फोगो उठले नाही. १९६७ मध्येच बेटवासीयांनी जहाजबांधणी व उत्पादक सहकारी संस्था स्थापन केली. शोल बे येथील गोदीत मोठ्या होड्या बांधल्या जाऊ लागल्या. व्यापाऱ्यांनी सोडलेला मासळी प्रक्रियेचा धंदा पुढे सहकारी संस्थेने हाती घेतला. ज्या बेटावर भाव व्यापारी ठरवीत असे, तेथे सभासद आपली पेढी आपण चालवू लागले. सत्तरच्या दशकाच्या आरंभी बेटाच्या मध्यभागी मध्यवर्ती माध्यमिक शाळा उभी राहिली आणि पंथांच्या भिंतीपलीकडची मुले एका वर्गात बसू लागली.

हे सर्व चित्रपटांनी घडविले, असे म्हणण्याचा मोह होतो आणि अनेकांनी तसे लिहिलेही आहे. आम्हांस ते पूर्ण सत्य वाटत नाही. सुधारणा समिती आधीपासून होती, सहकाराची कल्पना चित्रपटापूर्वीच चर्चेत होती, फ्रेड अर्ल यांची वर्षांची मेहनत होती. सहकाराची परंपराही त्या भूभागाला नवी नव्हती. शेजारच्या नोव्हा स्कॉशियात फादर जिमी टॉम्पकिन्स व फादर मोझेस कोडी या कॅथलिक धर्मगुरूंनी मच्छीमारांचे अभ्यासगट घेत अँटिगोनिश चळवळ उभी केली होती. सेंट फ्रान्सिस झेवियर विद्यापीठाचा विस्तार विभाग १९२८ मध्ये फादर कोडी यांच्याच नेतृत्वाखाली सुरू झाला. त्यांच्या नावाने १९५९ मध्ये निघालेल्या संस्थेत भारतातील अनेक कार्यकर्तेही शिकून आले आहेत. अभ्यासगटाने जे घडविले, त्याला चित्रपटाने वेग दिला, एवढेच म्हणणे न्याय्य ठरेल. कोळसे आधीच रचलेले होते. पडद्याने फुंकर घातली.

टीकाकारांचा आणखी एक आक्षेप विचारात घ्यावा असा आहे. सर्वांची संमती घेत घेत पुढे जाणारी ही पद्धत तीव्र संघर्षाच्या विषयांना बोथट करते, असे ते म्हणतात. जो सर्वांत कडवट बोलतो, त्याचे बोलणे शेजाऱ्यांच्या दबावाखाली मागे घेतले जाण्याचा संभव असतो. शिवाय मंत्री चित्रपट पाहण्यास तयार असेल तरच हे चक्र पूर्ण होते. तो तयार नसेल तर काय? या आक्षेपांना सोपे उत्तर नाही. १९६९ मध्ये त्याच योजनेतून आलेला 'यू आर ऑन इंडियन लँड' हा चित्रपट वेगळ्या वाटेने गेला. मोहॉक आदिवासींनी आपल्या भूमीवरील पुलाचा रस्ता अडविला, पोलिसांनी अटक केली, आणि हे सारे चित्रित झाले. तेथे समेटाची घाई नव्हती, साक्ष होती. त्या चित्रपटाचे दिग्दर्शक म्हणून मोहॉक समाजातील मायकेल मिचेल यांचे नाव मात्र अधिकृतपणे लागले ते २०१७ मध्ये. चित्र ज्यांचे, नावही त्यांचेच, हे मान्य होण्यास जवळजवळ अर्धशतक लागले.

पुढील प्रवास

फोगोची पद्धत पुढे 'फोगो प्रक्रिया' या नावाने जगभर गेली. हाती धरता येणारा व्हिडिओ कॅमेरा आल्यावर माँट्रियलच्या सेंट जाक या गरीब वस्तीतील नागरिक समितीने १९६९ मध्ये स्वतःच चित्रण सुरू केले. आता बाहेरच्या दिग्दर्शकाचीही गरज राहिली नव्हती. स्नोडेन यांनी ही पद्धत अनेक देशांत नेली. १९८४ मध्ये त्यांचे निधन झाले ते भारतात असताना.

योगायोग असा की त्याच वर्षी अहमदाबादेत 'सेवा' या इला भट्ट यांच्या संघटनेत अमेरिकेच्या मार्था स्टुअर्ट यांनी कष्टकरी स्त्रियांसाठी व्हिडिओचे प्रशिक्षण घेतले. सुमारे वीस जणींपैकी कित्येकींना अक्षरओळख नव्हती. 'व्हिडिओ सेवा' या पथकाने माणेक चौकातील भाजीवाल्यांच्या हालअपेष्टांवर चित्रपट केला. कॅमेरा धरणारा हातही भाजीविक्रेतीचाच होता. तेलंगणातील झहीराबाद परिसरात डेक्कन डेव्हलपमेंट सोसायटीच्या दलित शेतकरी स्त्रियांनी वरंगळच्या बीटी कापूस उत्पादकांची हंगामभराची हकीकत चित्रित केली, ती २००३ मध्ये लोकांसमोर आली. फोगोवर कॅमेरा दिग्दर्शकाच्या हाती होता आणि निवड लोकांच्या हाती. येथे दोन्ही लोकांच्याच हाती आले.

फोगोचे पुढे काय झाले? २ जुलै १९९२ रोजी कॅनडा सरकारने कॉडच्या व्यापारी मासेमारीवर बंदी घातली. पाच शतके ज्या माशावर न्यूफाउंडलंड जगले, तो समुद्रातून जवळजवळ नाहीसा झाला होता, आणि हजारो माणसे एका दिवसात बेकार झाली. लहान होड्यांचे मच्छीमार ट्रॉलरविषयी जी तक्रार वर्षानुवर्षे करीत होते, ती खरी ठरली. परंतु खरी ठरण्याची किंमत त्यांनाच मोजावी लागली. फोगोची सहकारी संस्था खेकडे व कोळंबीकडे वळली आणि तगून राहिली. आजही ती सभासदांच्या मालकीची आहे. ती बंदी औपचारिकपणे उठली ती २०२४ मध्ये. मेमोरियल विद्यापीठाने आपला विस्तार विभाग १९९१ मध्येच बंद केला होता. बेटाची लोकसंख्या २०२१ च्या जनगणनेत दोन हजारांच्या थोडी वर होती. १९६७ च्या तुलनेत निम्म्याहूनही कमी. बेटाच्याच कन्या झिटा कॉब यांच्या पुढाकाराने २०१३ मध्ये तेथे एक प्रख्यात अतिथिगृह उघडले. त्यात एक छोटे चित्रपटगृहही आहे, राष्ट्रीय चित्रपट मंडळाच्या सहकार्याने चालणारे.

तेव्हा फोगोची कथा निर्भेळ विजयाची नाही. गाव वाचले, परंतु समुद्र रिता झाला. संस्था टिकली, परंतु तरुण बाहेर गेले. तरीही ज्यांना १९६७ मध्ये कागदावर पुसून टाकण्याची तयारी चालली होती, त्यांनी आपला निर्णय आपण घेतला, हे मोठे आहे.

आज प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे. आपल्या गावातील बुजविलेली तळी, किनाऱ्यावर आलेले भराव, कोळीवाड्यांचे प्रश्न चित्रित करणारी तरुण मंडळी आपणांत आहेत, आणि त्यांचे आम्हांस कौतुक आहे. त्यांना एवढेच सुचवावेसे वाटते की चित्रण झाल्यावर ते प्रथम जगाकडे पाठवू नये. ज्या आजीचे घर त्यात आहे तिला ते दाखवावे, ज्याचे बोलणे आहे त्याला ते ऐकवावे, मग शेजारच्या गावाला, जेथे आपले फारसे येणेजाणे नाही त्या गावाला. अधिकाऱ्यांची पाळी त्यानंतर येऊ द्यावी. आणि फ्रेड अर्ल यांच्यासारखा कोणीतरी, चित्रपट संपल्यावर दिवे लावून खुर्च्या वर्तुळात मांडणारा, तेथे असू द्यावा.